आखाजीचा बार आणि दंगलीचा आकडा

ती घटना आजही आठवली की मला आधी हसू येते, आणि मग ठाण्यातल्या बाकावर बसलेल्या त्या मुलीचा चेहरा डोळ्यांपुढे आला की ते आवरते. नोकरीत खून पाहिले, दरोडे पाहिले. पण निवृत्तीनंतर कुणी 'साहेब, एखादी केस सांगा' म्हटले की मी खुनाची सांगत नाही, हीच सांगतो. समोरचा थोडा हिरमुसतो. नंतर मात्र तोच चहा सांगतो.

मी तेव्हा जळगाव जिल्ह्यात गिरणाकाठच्या एका ठाण्याचा प्रभारी होतो. माझे मूळ गाव नगरकडचे. आधी धुळे जिल्ह्यात, शिंदखेड्याकडे काही वर्षे काढली होती, त्यामुळे अहिराणी कळत होती. बोलायला गेलो की बायका तोंडाला पदर लावत, म्हणून ऐकण्यावरच भागवत होतो.

त्या वर्षी आमच्या ठाण्याचा आकडा चढला होता. शरीराविरुद्धचे गुन्हे, म्हणजे दुखापत, हाणामारी, दंगल, हे मागच्या वर्षीपेक्षा बरेच जास्त दिसत होते. मासिक गुन्हे आढावा बैठकीत वरिष्ठांनी चष्म्यावरून बघत विचारले, "तुमच्या हद्दीतल्या लोकांना झालंय तरी काय?"

आता याचे खरे उत्तर लांबलचक होते. गुन्ह्यालाही हंगाम असतो. पेरणीच्या तोंडावर बांधावरून कुऱ्हाडी निघतात. लग्नसराईत डीजेपुढे कोण नाचणार यावरून डोकी फुटतात, आणि नवरदेव बिचारा घोड्यावर तसाच ताटकळतो. शिवाय पूर्वी दोन भाऊ भांडले तर गावचा पोलीस पाटील दोघांना चहा पाजून मिटवून टाकी, आमच्यापर्यंत त्याचा वाराही येत नसे. आता खिशात मोबाईल आणि एकशेबारा नंबर. बायकोने भाकरी करपवली तरी फोन. मारामाऱ्या किती वाढल्या ते मी छातीठोक सांगू शकत नव्हतो, फोन मात्र नक्की वाढले होते. उलट ज्या गावातून वर्षभर एकही तक्रार येत नाही, त्या गावाची मला जास्त काळजी वाटायची. तिथे एक तर देवमाणसे राहतात, नाही तर कुणीतरी कुणाचे तोंड दाबून ठेवलेले असते. देवमाणसांचे गाव मला काही अजून सापडलेले नाही.

पण बैठकीत एवढे कोण ऐकून घेणार? मी "लक्ष घालतो, सर" म्हटले आणि खाली बसलो.

त्यानंतर आखाजी आली. अक्षय्य तृतीयेला खानदेशात आखाजी म्हणतात आणि तिचा थाट दिवाळीला मागे टाकणारा. सासुरवाशिणी माहेरी येतात, झाडाझाडाला झोके बांधतात, घरोघर गौराई बसते. माझ्या हद्दीत गिरणेच्या दोन काठांवर दोन गावे होती. गौराई बोळवायच्या दुपारी दोन्ही गावांच्या बायका आपापल्या काठावर जमत आणि मधल्या पाण्यावरून एकमेकींना गाण्यांतून, ओव्यांतून आणि सरळसरळही मनसोक्त शिव्या घालत. सोबत दगडही चालत. याला म्हणतात बार. वर्षभर सासरी तोंड शिवून बसलेल्या बाईला त्या दिवशी सगळे माफ. दगड पाण्यात टाकायचा, समोरचीच्या अंगावर पाणी उडाले पाहिजे, एवढाच नेम. तिन्हीसांजेला बार संपला की भांडणही संपले. नियम दोनच. बारला पुरुषाने फिरकायचे नाही, आणि बारमधली गोष्ट घरी न्यायची नाही.

त्या दिवशी तिन्हीसांजेच्या तोंडावर एकशेबारावर फोन आला, "दोन गटांत दंगल, तुफान दगडफेक." फोन करणारा बाहेरगावचा मोटारवाला होता, पुलावरून चालला होता. गाडी पोचेपर्यंत बायका घरी जाऊन पुरणाच्या पोळ्या लाटत होत्या. प्रकरण तिथेच संपायचे. पण तेवढ्यात अलीकडच्या गावचा एक तिशीचा गडी, डोक्याला रक्ताने भिजलेला गमछा, मित्रांच्या मोटारसायकलवर बसून ठाण्यात आला. डोके मागून फुटले होते. त्याने फिर्याद दिली की पलीकडच्या गावच्या एका मुलीने मला दगड मारला, सोबत अनोळखी बायका होत्या. त्याने मुलीचे नाव, बापाचे नाव, सगळे खडान्‌खडा सांगितले. ठाणे अंमलदाराने दंगल आणि दुखापतीचा गुन्हा नोंदवला. जखम समोर होती, त्याचेही चुकले नाही.

मी फिर्याद वाचली आणि ते नाव बघून थबकलो. ती मुलगी त्याच वर्षी पोलीस भरतीत निवडली गेली होती, आणि तिच्या चारित्र्य पडताळणीचा कागद माझ्याच टेबलावर पडलेला होता. 'गुन्हा दाखल आहे' एवढे तीन शब्द मी त्यावर लिहिले की तिच्या वर्दीवर पाणी पडले असते.

दुसऱ्या दिवशी मुलगी आईबरोबर आली. शिडशिडीत, पाठ ताठ. मी विचारले, "दगड मारला होतास?"

"हो सर. पण पाण्यात मारला. सगळ्याच मारतात."

"नाही म्हणाली असतीस तर?"

"खोटं सांगून खात्यात येऊ का, सर?"

खरे सांगतो, तेव्हाच मला तिच्याविषयी माया वाटली आणि थोडा रागही आला. असे बोलणाऱ्या आरोपीला सोडवणे फार अवघड असते. तिच्या आईच्या डोळ्यांना मात्र धार लागली होती. "साहेब, पोर रोज रेतीमा पये. बठ्ठं पानीमा गयं का आते?" नदीच्या वाळूत पळून पळून त्या मुलीने मैदानी चाचणी काढली होती; ते सगळे आता पाण्यात गेले का, असे आई विचारत होती.

पहिला धागा सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरांनी दिला. प्रमाणपत्र घ्यायला गेलेल्या हवालदाराला ते सहज म्हणाले, "टाके चार घातले, पण त्याच्या तळहातातले आणि पोटावरचे काटे काढायलाच जास्त वेळ लागला." हवालदाराने हे मला हसण्यावारी सांगितले. मी हसलो नाही. दगड लागलेल्या माणसाच्या पोटावर काटे कुठून आले?

मी फिर्यादीलाच समोर बसवला.

"कुठे उभा होतास?"

"नदीना काठवर, साहेब. तिनी समोरथून धोंडा मारा."

"समोरून मारला, मग डोकं मागून कसं फुटलं?"

तो गडबडला. "मी वळेल व्हतू."

"वळला होतास, तर तिनेच मारला हे दिसलं कशाने?"

तो वर पंख्याकडे बघू लागला. माझा अनुभव असा की खोटे बोलणारा माणूस अडला की पंखा बघतो; खरे बोलणारा तुमच्याकडे बघतो आणि चिडतो. काट्यांचे विचारले तर म्हणाला, वावरातले. मोबाईल मागितला तर म्हणाला, पाण्यात पडला. गडी काही फुटेना, आणि मारझोड करून कबूल करवणे मला कधी पटले नाही. तसे कबूल झालेले कोर्टात टिकत नाही आणि आपल्याला झोप लागत नाही.

मग त्याच्या गावात गेलो. घटनास्थळाचा पंचनामा केला तेव्हा काठावर एक जुनी बाभूळ दिसली. तिची एक फांदी ताजी मोडलेली आणि खाली खडक. माझ्या डोक्यात हळूहळू उजेड पडू लागला, पण बाभळीचा जबाब घेता येत नाही. गावात ज्या बाईला विचारावे ती म्हणे, आम्ही काही पाहिले नाही. बारचे पुढारपण एका आक्कांकडे होते. साठी उलटलेली, नऊवारीतली, आवाज असा की समोरच्या काठावरची म्हैस वळून बघेल. त्या ओसरीवर शेंगा फोडत बसल्या होत्या.

"आक्का, एका पोरीच्या नोकरीचा प्रश्न आहे."

"माहीत शे, भाऊ. बठ्ठासले माहीत शे." त्यांनी शेंग फोडली. "पन बारनी गोट घर लयी जातस नही. ठानामा त् मुयीच नही."

बारमधली गोष्ट घरी न्यायची नाही, ठाण्यात तर मुळीच नाही. माझ्या कायद्यापुढे त्यांचा कायदा उभा राहिला आणि त्यांचा जुना होता. मी टोपी काढून तिथेच ओसरीवर बसलो. त्यांनी पुढे सारलेल्या शेंगा खाता खाता मला सुचले. "आक्का, घरी न्यायची नाही, ठाण्यात न्यायची नाही. मग नदीवर बोललं तर?"

आक्कांचा हात थांबला. त्यांनी बराच विचार केला. "नदीवर चाली," त्या म्हणाल्या. "पन मंग पल्याडन्या बाया बी पाहिजेत. एकलीनं काय बार व्हस?"

माझ्या साऱ्या नोकरीत अशी दुसरी चौकशी झाली नाही. ठरल्या दुपारी दोन्ही काठांवर बायका जमल्या. मी, लेखनिक हवालदार, महिला अंमलदार आणि डोक्याला पट्टी बांधलेला फिर्यादी बाभळीखाली उभे. पलीकडे ती मुलगी आईशेजारी. पुरुष असूनही आम्हाला सवलत मिळाली होती, पण तोंड उघडायचे नाही या अटीवर. आक्कांनी पदर खोचला, हात कमरेवर ठेवला आणि आवाज लावला.

"ओ पल्याडन्या बायासवन! तुमनी पोरनी काही करेल नही! आमनाच हाऊ दीडशहाना माकडना मायक बाभूयवर चढेल व्हता, मोबाईल लयीसन!"

पलीकडे हशा उसळला. तिकडून एकीने विचारले, "मंग पडना कसा?"

"आम्ही देखा, ढेकये फेकात, आन पडना ना खडकवर!"

"मंग आते बांधी ठेवा त्याले! शेपटी शे का देखी ल्या!"

हवालदार लिहिता लिहिता माझ्या कानाशी लागला. "साहेब, माकड लिहू का?"

"लिही. जसंच्या तसं."

बाईमाणसाचा बार मोबाईलवर टिपून मित्रांना दाखवायचा, असा त्या गड्याचा बेत होता. त्याच्याच गावच्या बायकांनी त्याला बाभळीवर पाहिला आणि ढेकळे फेकली. फांदी मोडली, खडकावर पडून डोके फुटले, पण झाडावरून पडलो हे सांगायचे कसे? 'पलीकडून दगड आला' असे तो बोलून बसला आणि तापलेल्या मित्रांनी त्याला थेट ठाण्यात आणले. आता त्याने बाभळीखालीच हात जोडले. "पडनू साहेब, मीच पडनू."

"मग त्या पोरीचं नाव का घेतलंस?"

"दुसरं नाव माले माहीत नव्हतं. तिना फोटो फाटावर लायेल शे."

फाट्यावर खरेच मोठा फलक होता, पोलीस भरतीत निवड झाल्याबद्दल हार्दिक अभिनंदन. फिर्यादीत कितीदा तरी मारणाऱ्याचे नाव येत नाही, माहितीतल्याचे येते, हे मला अनुभवाने ठाऊक होते. अभिनंदनाच्या फलकावरून आरोपी झालेली मुलगी मात्र ती पहिलीच.

महिला अंमलदाराने तिथेच वाळूवर बसून बायकांचे रीतसर जबाब घेतले, फिर्यादीचा खुलाशाचा जबाब झाला आणि गुन्हा घडलाच नव्हता असा अहवाल कोर्टात गेला. कोर्टाचा आदेश हातात आल्यावर मी पडताळणीच्या कागदावर सही केली. सही करताना मला फार बरे वाटले, ते सांगायला लाज कसली? खोटी माहिती दिल्याबद्दल फिर्यादीवर कारवाई करायची का, असे मी मुलीला विचारले. ती म्हणाली, "सर, पुढच्या आखाजीला बायकाच बघून घेतील." बघून घेतलेच. पुढल्या बारला त्याच्यावर नवे गाणे झाले होते, आणि ऐकतो की अजून गातात.

पुढच्या बैठकीत वरिष्ठांनी पुन्हा आकड्याचे विचारले. मी बाभळीपासून सगळे सांगितले. चष्मा काढून डोळे पुसत ते म्हणाले, "आता आखाजीचा बंदोबस्त कसा लावणार?" मी म्हटले, "सर, नदीकडे पाठ आणि झाडांकडे तोंड." तसाच लावला. त्या वर्षीपासून माझ्या काळात तरी आखाजीच्या नावावर दंगल लागली नाही.

आकडा खोटे बोलत नाही म्हणतात. पण तो आपणहून काही सांगतही नाही. त्याला नदीवर नेऊन विचारावे लागते. गुन्हे वाढले असे कुणी म्हणाले की मी अजून विचारतो, कोणत्या महिन्यात, कोणत्या गावात, आणि फोन कुणी केला? त्यातून खरोखरची हिंसा जेवढी उरते तिच्यासाठी आपली सगळी ताकद राखून ठेवावी. ती पुरेशी भयंकर असते.

निवृत्तीनंतर त्या मुलीने मला आखाजीला जेवायला बोलावले. ती आता पोलीस अंमलदार, रजा काढून माहेरी आलेली. मांडे आणि आमरस भरपेट झाल्यावर दुपारी बायका गौराई घेऊन निघाल्या. मीही चालता चालता त्यांच्यामागून नदीच्या उतारापर्यंत गेलो. ती वळली, वाटेच्या मधोमध उभी राहिली आणि उजवा हात आडवा केला.

"सर, इथून पुढे पुरुषांना बंदी आहे."

मी तिला कडक सलाम ठोकला आणि निमूट मागे फिरलो.