नवसापायी राहिलेली नळी

चूक माझी. सोलापूरच्या डॉक्टरांनी "ट्रॅकिअल स्टेनोसिस" म्हटलं, म्हणजे श्वासनलिका अरुंद झाली, तेव्हा माझ्या बायकोचे, महादेवीचे, ओठ जांभळे पडले होते. आणि मी मनात शोधत होतो, याचा दोष कुणावर घालता येईल. असला माणूस मी.

मार्गशीर्षात तिला डिप्थीरिया झाला होता, म्हणजे घटसर्प. घशात पडदा धरून श्वास कोंडला. निजामाच्या हद्दीत आमच्या जवळपास इलाज नव्हता, म्हणून ढोकीहून रेल्वेनं सोलापूर गाठलं. तिथं ट्रॅकिओटमी केली. गळ्याला पुढून भोक पाडून चांदीची नळी बसवली. जीव वाचला.

नळी थोड्याच दिवसांत काढायची होती. मी त्याआधीच तिला घरी आणलं. कारण मधे गावी आलो तेव्हा चावडीत मी बोलून बसलो होतो : बाई वाचली तर नळी सोनारीच्या यात्रेत, भैरवनाथासमोरच काढीन. यात्रा चैत्रात.

"आप्पाची भक्ती लई मोठी!" लोक म्हणायचे. नळी कशाशी खातात हे त्यांना ठाऊक नव्हतं, आणि त्या अडाण्यांच्या वाहवेवर मी फुगत होतो.

सोनारीत गुलाल उधळला, चांगभलं झालं, मी स्वतःच्या हातानं नळी उपसली. भोक भरून आलं. वैशाखात महादेवीला घागर उचलवेना. श्वास घेताना गळ्यातून शिट्टी वाजायची.

"अवो, वारा आत जाईना."

"देवानं बरं केलंय. आता कसली सोंगं?"

तिची धाप म्हणजे मला माझ्या नवसाचा अपमान वाटत होता. हकीम दमा म्हणाला. मला तेच हवं होतं. तुमच्या घरात कुणाच्या गळ्यात नळी बसून निघाली असेल आणि नंतर अशी शिट्टी ऐकू आली, तर दमा म्हणून बसू नका. थेट दवाखाना गाठा.

आम्ही गाठला तो ती चुलीपुढं कोसळल्यावर.

"नळी कधी काढली?" डॉक्टरांनी विचारलं.

"चैत्रात. नवस होता."

"चैत्रापर्यंत ठेवा असं देव म्हणाला, का तुम्ही?"

त्यांनी समजावलं : नळी घासून आत जखम होते, जखम भरताना आवळते, भाजलेली कातडी आक्रसते तशी. करंगळी जाईल अशा वाटेतून आता पेन्सिलही जाणार नव्हती.

भोक पुन्हा पाडलं, नळी पुन्हा बसली. मग डायलेटेशन : धातूच्या वाकड्या सळया, एकीपेक्षा एक जाड, आवळलेल्या जागेतून सारायच्या. वाट रुंदावते, परत आवळते, परत सळई. मी बाहेरच्या बाकावर बसून तिची खोकल्याची उबळ ऐकायचो. शेजारचे आपापल्या बुवांच्या थोरव्या सांगायचे. त्यांची किळस यायची. मग कळायचं, हा माझाच आवाज आहे.

एकदा तिच्या कानाशी म्हणालो, "चुकलो."

तिनं नळीवर बोट दाबलं, कारण त्याशिवाय आवाज फुटत नव्हता. "नवस चावडीत बोललात. माफी कानात कशाला?"

दिवाळी तिथंच गेली. पुढं नळीला बूच मारून पाहिलं. नाकातोंडानं श्वास टिकला, तरच नळी निघणार होती. श्वास टिकला. नळी निघाली. आवाज घोगरा राहिला, तो राहिलाच.

घरी आल्यावर माणसं जमली. चुलती म्हणाली, "परत भैरवनाथच धावला गं बाई! आप्पा, आता लोटांगण बोल."

महादेवी नुसती माझ्याकडं बघत राहिली.

मी उठलो. "काकू, देवाला मधी घेऊ नका. डॉक्टर नळी काढणार होते, म्या काढू दिली न्हाय. तुम्ही मला मोठा म्हणावं म्हणून." मग सगळ्यांदेखत तिच्यापुढं हात जोडले. "महादेवी, तुला धाप लागली तवा म्या सोंग म्हणलो. सोंग माझं होतं. मला माफ कर."