राणीने पुरं केलेलं जाळं

वसुधाताईंना मी पहिल्यांदा पाहिलं ते रेवदंड्याला, आमच्याच अंगणात, आणि हादरलेच. कॉलेजातून घरी आले तर दारात कॅमेरा, आणि त्याच्यापुढे माझी आई जाळं विणत बसलेली! बाबांची होडी समुद्रात बेपत्ता झाली त्याला तेव्हा सात वर्षं झाली होती. त्यांच्यासाठी विणायला घेतलेलं जाळं आई पुरं होऊच देत नव्हती. चार हात विणायची, चुकलं म्हणायची आणि गाठी सोडवायची.

ग्रीक पुराणकथा ताई आपल्या किनाऱ्यावरच्या माणसांत आणून चित्रपट करतात, हे आज आपण सारे जाणतो. मला तेव्हा काय ठाऊक! त्यांनी आईला गोष्ट सांगितली. राजा समुद्रापार गेलेला; राणी दिवसा वस्त्र विणते, रात्री उसवते, वाट पाहते. "आता गाठी सोडवा," ताई म्हणाल्या. माझा संताप झाला.

आईचे हात थांबले. "तिचा आला नं, ताई?"

"कथेत येतो."

"माजा न्हाय येनार."

आमच्या घरात हे वाक्य सात वर्षांत कुणी उच्चारलं नव्हतं.

दुसऱ्या कुणी तो क्षण सोडला नसता. ताईंनी स्वतः कॅमेरा बंद केला आणि आईशेजारी जमिनीवर बसल्या. पुढे महिनाभर त्या अलिबागहून रिक्षाने येत राहिल्या, हात हलवत, कॅमेऱ्याविना. जाळं पुरं झालं त्या दिवशी आईच म्हणाली, "आता लावा तुमचा कॅमेरा." आणि तिने ते जाळं शेजारच्या होडीवर चढवलं. चित्रपट तिथेच संपतो. राजा का परतत नाही, असं जाणकारांनी रागावून विचारलं, तेव्हा ताईंनी एवढंच सांगितलं, "आमच्या राणीला विचारा."

आज मी त्यांचे चित्रपट संकलित करते. एकेका दृश्यासाठी त्या माझा जीव खातात, पण कुणाचं दुःख त्याच्या परवानगीशिवाय पडद्यावर जाऊ देत नाहीत.

ताईंची पंच्याहत्तरी पूर्ण झाली. त्यांना उदंड, निरोगी आयुष्य लाभो, असं लिहून मी हा लेख संपवणार होते. तेवढ्यात आईला विचारलं, तुझं काय लिहू? तिने जे सांगितलं त्याने मी पुन्हा हादरले.

"लिव, खूप जगा. आनि येत ऱ्हा. तुमची वाट बगायला मना बरं वाटतं."