तुंगाकाकूंच्या मोहरीचं बी

लग्न होऊन मी मिरजेहून म्हैसूरला आले ती थेट हूटगळ्ळीला, तुंगाकाकूंच्या घरी वरच्या मजल्यावर भाड्याने. आमचे हे तिथल्याच एका कारखान्यात होते. चौऱ्याण्णव सालची गोष्ट. काकू तेव्हा सत्तरीच्या. बोलायच्या मराठीच, पण पहिले सहा महिने ती मला निम्मीच कळायची. "मिरजवाले, सोप्पु नेलीस का गे?" असं जिन्याखालून ओरडायच्या. सोप्पु म्हणजे पालेभाजी.

ती भाजी मोहरीची. काकूंचं माहेर कृष्णराजनगरचं, आणि ते बी आईने त्यांना लग्नात ओटीत घातलेलं. हाताच्या पंजाएवढं रुंद पान, किंचित तिखट. तूरडाळ आणि खोबरं घालून करायच्या. बाजारात तसलं पान मिळत नसे. आंघोळ झाल्यावर खालची दोनच पानं खुडायची, शेंड्याला हात लावायचा नाही, असा त्यांचा नेम. वाफ्यात बत्तीस रोपं होती, त्यावर खाली काकू आणि वर आम्ही दोघं खायचो.

दुसऱ्या वर्षी आषाढात काकूंच्या डोळ्याचं ऑपरेशन ठरलं. मुलगा हयग्रीव बेंगळूरहून न्यायला आला. रिक्षात बसताना मला म्हणाल्या, "वाफ्याला पाणी घाल. व्रत लागलंय, हात लावू नको. अष्टे, एवढंच."

आषाढी एकादशीपासून महिनाभर त्यांच्याकडे शाकव्रत असतं. भाजी नाही, फळ नाही, फोडणीत मोहरीसुद्धा नाही. मला वाटलं, हात लावू नको म्हणतात ते व्रतापायी. व्रत त्यांचं. मी चातुर्मासात कांदा, लसूण, वांगं सोडते, पालेभाजी नाही सोडत. मग मला कसली आडकाठी?

आठ-दहा दिवसांत खालची पानं पिवळी पडू लागली, वर पिवळी फुलं आली. एवढी भाजी उभ्या उभ्या वाळतेय, हे मला बघवेना. अन्न वाया घालवायचं नाही, हे लहानपणापासून मनावर ठसलेलं. एका सकाळी देवाचं नाव घेऊन मी सगळी रोपं उपटली. मिरजेला भाजी मुळासकट उपटूनच जुड्या बांधतात. दोन जुड्या ठेवल्या, बाकीच्या गल्लीत वाटल्या. भाजी करून देवाला नैवेद्यही दाखवला. जरा कडू लागली. मग वाफा खणून तिथे मेथी पेरली. म्हटलं, काकू आल्यावर खूश होतील.

काकू गोकुळाष्टमी झाल्यावर आल्या. डोळ्यांवर काळा चष्मा. चप्पलही न काढता मागे गेल्या.

"शेंगा कुठं आहेत?"

"कसल्या शेंगा, काकू?"

"अय्यो, बियांच्या! अक्षय्यतृतीयेला कशाला पेरते मी? व्रताच्या महिन्यात कुणी खुडत नाही, तेवढ्यात ती बी धरते. डबा पुसून पेरली होती, दाणा मागे ठेवला नव्हता."

माझ्या तोंडातून निघालं, "काकू, गाय शिरली होती."

"येसाजीरावांची?"

मी मान हलवली.

येसाजीराव चार घरं सोडून राहायचे. त्यांचे पूर्वज म्हैसूरच्या घोडदळात होते म्हणे. माणूस अगदी सरळ. काकूंनी त्यांना फाटकातच गाठून बोल लावले. ते संध्याकाळी नारळ घेऊन आले. "अक्का, जनावर आहे, चूक माझी. पण ती दावं तोडत नाही हो कधी," एवढंच म्हणाले. काकूंनी नारळ घेतला नाही. वर्षानुवर्षं त्यांच्याकडचं दूध यायचं, तेही बंद केलं. दुसऱ्या दिवसापासून गाय आखूड दाव्याला बांधलेली. मी भाजी आणायला त्याच वाटेने जायची. तिला मान वर करता येत नव्हती.

काकूंनी माहेरी फोन लावला. भावाकडे त्यांनीच कधीतरी मूठभर बी दिलं होतं. वहिनीचं उत्तर ऐकून त्यांनी फोन खाली ठेवला आणि हसल्या. "फोडणीत घातलीन म्हणे. मोहरी ती मोहरी." हसता हसता चष्मा काढून डोळे पुसले. डॉक्टरांनी डोळ्यांना हात लावू नका म्हणून बजावलं होतं.

अकरा दिवस मी गप्प राहिले. संध्याकाळी दिवा लावून हात जोडायची, पण म्हणायला शब्द सुचत नसे. ज्याला ती भाजी दाखवली त्याच्यापुढे खोटं कसं उभं राहणार? बाराव्या दिवशी खाली गेले.

"काकू, गाय नव्हती. मी उपटली."

"सगळी?"

"सगळी. जुड्या बांधून वाटली."

काकूंनी विचारलं, "कशी लागली?"

"कडू."

"लागणारच! फुलावरची कोण खातं, वेडे? मिरजेत काही शिकवत नाहीत की काय?" आवाज चढला आणि तिथेच बसला. "आधी त्यांच्याकडे जा. मग माझ्याकडे ये."

येसाजीरावांनी सगळं ऐकून घेतलं. माझ्यावर रागावले नाहीत. उठून आधी दावं सैल केलं आणि गाईच्या पाठीवर हात ठेवून म्हणाले, "मी हिला मारलं हो बाई. दोनदा."

ते अजून माझ्या कानात आहे.

पुढच्या आठवड्यात काकूंनी मला मंडी मोहल्ल्यात पाठवून साधी मोहरी आणवली. "पेर. ज्याचं पान सगळ्यांत रुंद, तेवढंच रोप बियाला ठेवायचं. बाकीची खायची. दरवर्षी असंच. मला आता बारीक दिसत नाही, तूच निवड." माफ केलं असं त्या कधी म्हणाल्या नाहीत. मीही विचारलं नाही.

आज पाच वर्षं मी निवडतेय. व्रताचा महिना आता मीही पाळते. पहिली पानं आधी काकूंना नेऊन देते. त्या पान तळहातावर पसरतात, कड बोटांनी चाचपतात, एक तुकडा चावतात.

"ही ती नव्हे," म्हणतात.

"नव्हे, काकू."

"बरं, डाळ शिजली का बघ."