समोरच्या काकांची प्रसिद्धिपत्रकं

वाईट बातमी असं जगात काही नसतंच, ती नीट सांगता आलेली नसते एवढंच, यावर देवापेक्षा जास्त श्रद्धा असलेला एकच माणूस मी पाहिला. तो आमच्या जुईनगरच्या सोसायटीत, माझ्या समोरच्या दारात राहायचा. सगळे त्यांना काका म्हणायचे. सरकारच्या माहिती खात्यात त्यांची उभी हयात गेली. जिल्ह्याजिल्ह्यांतून फिरत मंत्रालयात पोचले आणि निवृत्तीआधी एका मंत्र्यांचे माध्यम सल्लागार झाले. म्हणजे मंत्री बोलून जायचे आणि काका निस्तरायचे. एकदा भर सभेत व्यासपीठ मोडलं आणि साहेब थेट पहिल्या रांगेच्या पायाशी. पत्रकारांच्या पेनांची टोपणं निघायच्या आत काकांचं पत्रक तयार: 'साहेबांनी व्यासपीठावरून खाली येऊन जनतेशी थेट संवाद साधला.' हा किस्सा सांगताना ते अजिबात हसायचे नाहीत. "खोटं काय आहे त्यात? आले ना खाली?" असं आम्हालाच विचारायचे.

खुर्ची सुटली, पण सवयी कुठल्या सुटतायत! रोज सकाळी आमचा पेपर आधी त्यांच्याकडे जायचा आणि कात्रणं काढून, खिडक्या पडून परत यायचा. माझा नवरा ऑफिसला जाताना महाप्याच्या बसमध्ये तो उघडायचा आणि राजकारणाच्या पानातून समोरचा प्रवासी बघत बसायचा. नळाला पाणी आलं नाही, की सोसायटीच्या फळ्यावर काकांची सूचना: 'टाकी स्वच्छतेसाठी आज अनुकूल वातावरण.' गावठाणातली मावशी मासे घेऊन दारात आली, की हे विचारणार, "ताजे आहेत हे तुमचं अधिकृत मत, की नुसती सूत्रांची माहिती?" मावशी पापलेट उचलून त्यांच्या तोंडासमोर धरायची. "नाकाशी धर, मंग तुलाच समजल!" आणि काकूंनी कौतुकाने विचारावं, आमटी कशी झालीये, तर उत्तर काय? "एकूण प्रतिसाद समाधानकारक." असल्या माणसाबरोबर त्या बाईने हसतखेळत संसार केला. मी असते तर आमटी डोक्यावर ओतली असती, देवाशप्पथ.

मग काकूंच्या हृदयाची झडप खराब झाली. ऑपरेशन ठरलं, त्या नेरुळला हॉस्पिटलात दाखल झाल्या, आणि सोसायटीच्या ग्रुपवर काकांची पत्रकं सुरू झाली. 'प्रकृती स्थिर.' 'डॉक्टरांशी चर्चा सकारात्मक वातावरणात पार पडली.' 'कृपया भेटीस येण्याची तसदी घेऊ नये.' आम्ही पण खुळेच! सगळ्यांनी हात जोडलेली चित्रं पाठवली आणि आपापल्या कामाला लागलो. कुणी म्हणजे कुणी गेलं नाही. मी गेले तीसुद्धा काकूंचा चष्मा घरी राहिला होता म्हणून.

काका खोलीबाहेर बाकड्यावर, इस्त्रीच्या शर्टात ताठ बसलेले. "कसं काय, काका?" "सुरळीत." आत गेले तर काकूंनी माझा हात घट्ट धरला.

"अगं, कुणीच कसं फिरकलं नाही? उद्या टेबलावरून उठलेच नाही तर? मला माणसं बघायचीत गं."

"काकू, काकांनीच सांगितलं ना, येऊ नका म्हणून."

काका माझ्या मागून आत येऊन उभे राहिले होते. काकूंनी त्यांच्याकडे बघितलं. चिडल्या नाहीत, नुसत्या दमल्यासारख्या म्हणाल्या, "अहो, जन्मभर लोकांची पत्रकं काढलीत. माझ्यासाठी एक तरी खरं काढा की."

काका खिडकीशी जाऊन, पाठ आमच्याकडे करून, एका बोटाने फोनवर टाइप करत राहिले. किती वेळ लागला त्या माणसाला! शेवटी माझा फोन वाजला, ग्रुपवर काकांचा मेसेज: 'उद्या तिचं ऑपरेशन आहे. ती घाबरली आहे. मीही घाबरलो आहे. या.'

मग काय विचारता! संध्याकाळी अख्खी सोसायटी हजर. कुणी पेज आणली, कुणी अंगारा, वरच्या मजल्यावरच्या ताईंनी बुद्धविहारातून आणलेला पांढरा दोरा काकूंच्या मनगटाला बांधला. वॉचमन ओरडतोय, "एका टायमाला दोनच!" त्याला मासळीवाल्या मावशीने गप्प केलं, "तुजी आई असती तं?" काका एकेकाला बाजूला घेऊन डॉक्टर काय म्हणाले ते जसंच्या तसं सांगत होते आणि रुमालाने डोळे पुसत होते. काकू मात्र त्या गर्दीत हसत होत्या. दुसऱ्या दिवशी त्या ऑपरेशनमधून निभावल्या.

पण तब्येत पहिल्यासारखी झाली नाही. वर्षभरात मुलीने दोघांना नागपूरला, आपल्याजवळ न्यायचं ठरवलं. निघायच्या दिवशी सगळे खाली गेटपाशी जमलो होतो. काकूंना टॅक्सीत नीट बसवून काका माझ्याकडे वळले. मी उसनं हसून विचारलं, "मग, परत कधी येणार?" पूर्वीचे काका असते तर 'योग्य वेळी योग्य तो निर्णय घेण्यात येईल' म्हणून मोकळे झाले असते. हे काका माझ्या डोक्यावर हात ठेवून म्हणाले, "नाही गं येणार आता. हिला प्रवास झेपायचा नाही."

खरं तेच बोलले, आणि मलाही ते माहीत होतं. पण तेवढं एक उत्तर त्यांनी मला खोटं द्यायला हवं होतं.