काळी पाचमधली आत्या

घनसावंगीत बसस्थानकामागे भाड्याने घेतलेल्या एका खोलीच्या भिंतींना गाद्या आणि रिकामी पोती ठोकून आप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, ध्वनिमुद्रणाची सोय केली होती. नव्वदच्या दशकात त्यांच्या चौदा एप्रिलच्या जयंतीच्या गाण्यांच्या कॅसेटी थेट गोदाकाठच्या गावांपर्यंत वाजत. गीते निवडणे, चाली बसवणे, वादक जमवणे, प्रती काढणे हे सारे ते एकटे करीत. गात असे माझी आत्या, त्यांची धाकटी बहीण.

आत्या पेटीवरच्या काळी चार पट्टीत गायची. आवाज भरीव, सावकाश उलगडत जाणारा. त्यामुळे तिची गाणी कॅसेटच्या एका बाजूत मावत नसत. अखेरचे कडवे बाहेर राही, आणि ते गाळले की गीतकार रुसे. आप्पांनी उपाय काढला. प्रती काढताना मूळ टेप वाजवणाऱ्या यंत्राच्या मागच्या भोकातून पेचकस घालून स्क्रू फिरवला की मोटर जलद चाले आणि गाणे मावे. वेग वाढला की स्वरही चढतो, हे शाळेतल्या पुस्तकातले ज्ञान आहे. कॅसेटमधली आत्या काळी पाचमध्ये, दोन पट्ट्या वर, गाऊ लागली. तिचा आवाज पातळ, तरुण, चपळ झाला. ती कॅसेट सर्वांत जास्त खपली.

मग लोक कार्यक्रमातही तोच आवाज मागू लागले. कुंभार पिंपळगावात पुढे बसलेली एक बाई मोठ्याने म्हणाली, "ही ती न्हाईच. ती तर पोरगी हाये. ही तिची माय आली काय?"

मंडप हसला. आत्याही हसली, आणि पेटीवाल्याला म्हणाली, "काका, काळी पाच धरा."

कॅसेटमध्ये आपण तशाच गायलो आहोत, मंचावरच काहीतरी कमी पडते, असा तिचा समज होता. तो आप्पांनी कधी दूर केला नाही.

जालन्याच्या महाविद्यालयातून मी सुटीत घरी आले, तेव्हा तिचा बोलण्याचा आवाजही घोगरा झाला होता. कारण शोधावे लागले नाही.

"तिला खरं सांगा, आप्पा. गळा जाईल तिचा."

"सांगून काय करू? लोकायला हाच आवाज पाहिजे. तिलाबी हाच पाहिजे. एवढी जयंती होऊ दे, मंग पाहू."

म्हणून मीच सांगितले. तिने ऐकून घेतले आणि पदराने तोंड झाकून हसली. "तुझं शास्त्र ठेव तुझ्यापाशी, बाई. गळा माझा हाये का मशीनचा? मशीन काय गाऊन राह्यली?"

डॉक्टरांनी स्वरतंतूंवर गाठी असल्याचे सांगितले आणि बोलणेही बंद ठेवायला लावले. आत्याने ते पाळले, पण जयंतीचे मंडप उभे राहीपर्यंतच. त्या हंगामात ती प्रत्येक गावात काळी पाचमध्ये गायली. हंगाम संपला तेव्हा वरच्या स्वरासाठी तोंड उघडले की नुसती हवा येई. पुढे उपचार झाले. आवाज परतला नाही.

मूळ टेप आप्पांनी केव्हाच पुसून पुढच्या गाण्यांसाठी वापरली होती. तिचा खरा आवाज मिळण्याचा एकच मार्ग उरला होता: तीच कॅसेट संथ चालवणे. एका दुपारी मी आत्याला खोलीत बसवले, पेटीशी स्वर जुळवत यंत्राचा वेग उतरवला आणि काळी चारवर थांबले. खोलीभर तो भरीव आवाज पसरला. आप्पांनी मान खाली घातली.

आत्या थोडा वेळ ऐकत राहिली. मग घोगऱ्या आवाजात कुजबुजली, "कोण हाये ही? बिलकुल जीव न्हाई हिच्या गळ्यात."

"तूच आहेस, आत्या."

"मी न्हाई." ती भावाकडे वळली. "दादा, माझी लाव."

आप्पांनी माझ्याकडे न बघता स्क्रू फिरवला. पातळ आवाजाची ती पोरगी गाऊ लागली, आणि आत्या डोळे मिटून तिच्या शब्दांवर ओठ हलवत बसली.