कुंकू लावलेलं टेंडर

टेंडरवर आमच्या मामेसासऱ्यांइतका जीव टाकणारा माणूस अख्ख्या पिंपरी-चिंचवडात दुसरा नसेल. लोक सकाळी पेपरात राशिभविष्य बघतात, मामा निविदा सूचना बघायचे, तेही चष्मा पुसून. मोशीत वडिलार्जित जमीन, गावात मान, बसून खाल्लं असतं तरी चाललं असतं. पण महापालिकेचे रस्ते झाडायचं कंत्राट त्यांनी घेतलं आणि मग जगातली प्रत्येक गोष्ट त्यांना निविदेच्या नियमात बसवावीशी वाटायला लागली. माझं लग्नसुद्धा त्यांनी दोन पाकिटांत उरकलं. आधी तांत्रिक पाकीट, म्हणजे उंची, शिक्षण, चाकणच्या कंपनीतली नोकरी, तंबाखू खातो का. त्यात पास झाल्यावर आर्थिक पाकीट, म्हणजे पगाराची स्लिप. "पाव्हणं, टेक्निकलला तुमी काठावर होता बरं का," असं ते अजूनही भर पंगतीत ऐकवतात आणि माझी बायको खुशाल मान डोलावते!

त्यात पूजेचं वेड. नवा खराटा आला, लाव हळद-कुंकू. कचऱ्याचा टेम्पो आला, फोड नारळ. टेंडर ऑनलाइन झालं तेव्हा मामी म्हणाल्या, सुटले बाई. तर मामांनी डिजिटल सहीच्या पेनड्राइव्हला दोरा बांधून तो देव्हाऱ्यात बसवला. रोज फूल वाहायचे त्याला.

गेल्या वर्षी कंत्राटाची मुदत संपली आणि नवी निविदा निघाली. मामांकडे झाडणाऱ्या चाळीस बाया, बहुतेक मराठवाड्यातून आलेल्या. कंत्राट गेलं तर त्यांचं काम जाणार, म्हणून मामांनी या वेळी पूजा दणक्यात केली. महापालिकेनंच दिलेल्या अनुभवाच्या दाखल्याला ओल्या कुंकवाचं बोट लावलं, हात जोडले आणि मगच तो स्कॅन केला. ते बोट नेमकं साहेबांच्या सही-शिक्क्यावर! संगणकावर तिथं नुसता काळा डाग. कागद वाचता येत नाही म्हणून मामा तांत्रिक फेरीतच बाद झाले.

झालं, मामा थेट हायकोर्टात. मीही रजा टाकून सोबत गेलो. आमच्या वकिलांनी बाजू जोरात मांडली: दाखला महापालिकेनंच दिलेला, मग मूळ कागद मागवायला काय झालं होतं? न्यायाधीशांनी महापालिकेच्या वकिलांना विचारलं, "दुसऱ्या कुणाला अशी सवलत दिली का?" नव्हती दिली. आणखी दोघं अस्पष्ट कागदांमुळेच बाद झाले होते. "कोण चांगलं झाडतं हे आम्ही ठरवणार नाही," न्यायाधीश म्हणाले, "नियम सगळ्यांना सारखा लावला का, एवढंच बघू. पण हा डाग कसला?" आमचे वकील म्हणाले, स्कॅनरचा दोष असावा. तोच मागून मामा ताडकन उभे! "न्हाई साहेब, मशिनचा दोष न्हाई. कुंकू मी लावलंय." मी त्यांचा सदरा ओढतोय, वकिलांनी कपाळाला हात लावलाय आणि सगळं कोर्ट हसतंय. न्यायाधीशांनाही हसू आवरेना. "कशासाठी लावलंत?" "काम मिळावं म्हणून, साहेब."

याचिका फेटाळली. येताना लोणावळा लागलं. चिक्कीचं दुकान दिसलं तरी मामांनी गाडी थांबवायला सांगितली नाही, तेव्हा मला खरंच काळजी वाटली. मग एकदम म्हणाले, "जज्ज बरोबर बोलले. नेम म्हंजे नेम. पन माझ्या बायांनी काय केलं व्हतं हो?"  

दुसऱ्या दिवशी ते मला घेऊन नव्या कंत्राटदाराच्या दारात गेले. या माणसाशी मामांनी कित्येक वर्षं रामराम सोडला होता. त्याच्यापुढे बायांची यादी ठेवली. "रस्ते तू झाड, पन बाया ह्याच घे. एकबी गाळू नगो." एवढंच बोलले आणि हात जोडले. मामांना माणसापुढे हात जोडताना मी तोवर पाहिलं नव्हतं. त्यानं चाळीसच्या चाळीस घेतल्या.

नवं काम सुरू झालं त्या सकाळी मामा सवयीनं रस्त्यावर हजर. मीही पहिल्या शिफ्टला निघालो होतो. बाया नव्या रंगाची जाकिटं घालून झाडत होत्या आणि मामा मधोमध उभे राहून कोपरे बघत होते. त्यांची सगळ्यात जुनी बाई झाडत झाडत जवळ आली, थांबली, पदर सावरला. तिला बोलणं जड जात होतं.

"मामा, वाईच सरका की. मुकादम बघतोय."

"व्हय की," मामा म्हणाले, आणि चप्पल हातात घेऊन फुटपाथवर चढले, झाडलेल्या जागेवर पाय न देता.