झडतीमामा

वाशीमला ज्याचे पाय लागले आणि तरीही ज्याच्या कोटाचे खिसे आमच्या झडतीमामांनी उलटे केले नाहीत, असा एकही बडा माणूस अख्ख्या वऱ्हाडात सापडायचा नाही, हे मी छातीठोकपणे सांगतो. वकील आले, डॉक्टर आले, कापसाचे दलाल आले, विलायती इंजिन दुरुस्त करायला मुंबईहून गोरा मिस्त्री आला. आमच्या कारखान्याच्या फाटकातून आत जाताना मामा प्रत्येकाला लवून रामराम करायचे आणि बाहेर येताना तितक्याच अदबीनं म्हणायचे, “हात वर करा जी.” गोऱ्या मिस्त्र्याला मराठी कळेना, म्हणून मामांनी स्वतःचे हात वर करून दाखवले. त्याला वाटलं, निरोप घ्यायची ही इकडची रीत असेल. त्यानं हात वर केले, मामांनी खिसे चाचपले, आणि पुढं स्टेशनावर गाडी सुटताना त्या बापड्यानं पोचवायला आलेल्या मंडळींना दोन्ही हात वर करून निरोप दिला म्हणतात.

मामा आमच्या जिनाचे, म्हणजे कापसातून सरकी काढायच्या कारखान्याचे, फाटकवाले. माझ्या आईच्या माहेरगावचे, वाशीमजवळच्या मालेगावकडचे, म्हणून मला मामा. आणि मी मामा म्हणतो म्हणून मग सगळ्या जिनाचेच मामा. दुसरी मोठी लढाई सुरू व्हायच्या आधीची ती चार-पाच वर्षं. मी नुकता कारकून म्हणून चिकटलो होतो. दिवाळीपासून होळीपर्यंत जिन चालायचं, गावोगावच्या कापसाच्या गाड्या फाटकाबाहेर लागायच्या, आणि आत दोनेकशे बाया रेचे नावाच्या यंत्रांवर कापूस टाकायच्या. सरकी खाली, रुई पुढं, आणि बारीक तंतू हवेत. तासभर आत उभं राहिलं की मिशीवाला माणूस म्हातारा दिसायचा. कोणी कापूस चोरून नेऊ नये म्हणून फाटकावर पाटी होती, की बाहेर जाणाऱ्या प्रत्येकाची झडती होईल. मामांना वाचता येत नव्हतं, पण ही पाटी त्यांनी कोणाकडून तरी वाचून घेऊन तोंडपाठ केली होती आणि ‘प्रत्येकाची’ म्हणजे प्रत्येकाची, अशी त्यांची पक्की समजूत होती. पहिल्या दिवशी मी, मामांचा भाचा म्हणून, छाती काढून बाहेर निघालो तर त्यांनी माझी टोपीसुद्धा झटकली. टोपीतून आईनं दिलेला अंगारा पडला. तो त्यांनी पुडी करून परत दिला आणि नजर न लागण्याविषयी चार शब्द सांगितले.

अंगानं मामा म्हणजे नुसती काठी, पण पितळी बिल्ल्याचा पट्टा कमरेला आवळला की त्या काठीला असा काही ताठा यायचा की विचारू नका. मोठी हवेलीवाली मंडळी टाळी वाजवून नोकराला बोलावतात ना, तशी आमच्या मॅनेजरांना सवय होती. मामा टाळी ऐकली की वर आभाळाकडे बघायचे. मॅनेजर चिडून विचारायचे, ऐकू येत नाही का? तर मामा शांतपणे सांगायचे, “आलं ना जी. मले वाटलं तुमी कबुतरं उडवून राह्यले.” कोणी ‘ए’ म्हणून हाक मारली की ते मागं वळून, आपल्या पाठीशी कोण ‘ए’ उभा आहे हे शोधायचे, आणि खरोखर फाटकाच्या खांबाआड डोकावून यायचे. शेवटी मॅनेजर हरले आणि ‘मामा’ म्हणू लागले. जेवणाच्या सुट्टीत एखाद्या हमालाला मुनीमजीनं कामासाठी उठवलं की मामा मध्ये पडत. त्यांचा कायदा असा होता, की घास तोंडात आहे तोवर माणूस मालकाचा नाही. हा कायदा कुठल्या पुस्तकात आहे असं मी एकदा चेष्टेनं विचारलं, तर म्हणाले, पुस्तकं तुम्ही वाचता, तुम्हीच शोधून ठेवा.

पण मामांची खरी करामत बायांच्या झडतीत होती. त्यांच्या आधीचा फाटकवाला मोठा वाह्यात. भोंगा झाला की रस्त्यावरच्या गाडीवाल्यांदेखत बायांना रांगेत उभं करायचा, काठीनं पदर उचलायचा, वर अचकट-विचकट बोलायचा. बाया खाली माना घालून सोसायच्या, कारण रोजी बुडवून कोण बोलणार? मामांनी पट्टा बांधला त्याच दिवशी ती काठी चुलीत घातली. फाटकाच्या आत बांबूचा तट्ट्या उभा केला आणि त्यामागं बायांतली सर्वांत वडीलधारी, चंद्रभागामाय, हिला बसवलं. झडती ती घ्यायची. मामा त्या वेळी तट्ट्याकडे पाठ करून, रस्त्याकडे तोंड करून खांबासारखे उभे. रस्त्यावरचा कोणी गाडीवान मान लांबवू लागला की मामा त्याला त्याच्या बैलाची तब्येत विचारायचे, आणि ते इतकं खोलात शिरून विचारायचे की गाडीवान गाडी हाकून मोकळा व्हायचा.

एका पौषात जुने मॅनेजर गेले आणि नवे आले. हुशार माणूस, पण जगात दोनच जाती आहेत, चोर आणि मॅनेजर, असा त्यांचा ग्रह. आठवड्याभरात त्यांना रुईच्या ढिगात घट दिसली. ती घट वाऱ्यानं होते की चोरीनं, हे कोणाला ठाऊक! त्यांनी मला बोलावून हुकूम लिहायला सांगितला: तट्ट्या काढावा, बायांची झडती फाटकासमोर, सर्वांदेखत, फाटकवाल्यानं स्वतः घ्यावी. मी लिहिला. अगदी वळणदार अक्षरात लिहिला, खाली रेघसुद्धा मारली. हात थोडा थांबला होता, खोटं कशाला बोलू, पण माझी नोकरीही कच्ची होती आणि तोंड उघडायची छाती माझ्यात नव्हती. संक्रांतीच्या सकाळी तो कागद पाटीखाली चिकटला. मामांनी मला वाचून दाखवायला सांगितलं. मी वाचला. मग त्यांनी विचारलं, “लिवला कोनं?” मी म्हणालो, काय माहीत बुवा, आला असेल वरून. मॅनेजरांनी त्यांना बोलावून दम भरला, की आज संध्याकाळपासून हुकूम पाळा, नाहीतर पट्टा ठेवा. पट्टा ठेवायचा म्हणजे खोलीही सोडायची, कारण खोली जिनाची. घरी मामी संधिवातानं अंथरुणाला खिळलेली. मामा ‘बरं जी’ एवढंच म्हणाले, आणि स्वतःच्या हातानं तट्ट्या सोडून भिंतीला टेकवून ठेवला. दिवसभर मला त्यांच्याकडे बघवेना.

संक्रांतीला दरवर्षी मालकांच्या आई जिनात यायच्या. सगळे त्यांना आईजी म्हणत. अंगणात बायांना हळदीकुंकू लावायचं, तिळगूळ द्यायचा आणि भोंग्याच्या सुमाराला बैलांच्या दमणीत बसून परत जायचं, हा त्यांचा नेम. त्या वर्षीही आल्या. दमणी परत निघाली तेव्हा मागं दोनशे बाया ओच्यात तिळगूळ घेऊन उभ्या होत्या, कोणी पुढं सरकत नव्हती. दमणी फाटकाशी आली आणि मामा बैलांसमोर आडवे झाले. कमरेचा पट्टा सोडून त्यांनी घडी घालून दोन्ही हातांवर धरला होता. मॅनेजर धावत आले. मामांनी त्यांच्याकडे पाहिलंच नाही. ते आईजींना म्हणाले, “माय, नवा हुकूम हाये. बाहीर जानाऱ्या बाईमानसाची झडती मी घ्यावी, समद्यांसमोर. घेतो त तुमची अब्रू जाते, नाई घेतो त हुकूम मोडते. माह्याच्यानं दोनी होत नाई. हा पट्टा घ्या, अन् दुसरा मानूस पाहा.”

मॅनेजरांच्या तोंडचं पाणी पळालं. आईजी, तुमच्यासाठी नव्हे हो तो हुकूम, मजूर बायांसाठी आहे, असं ते काकुळतीनं सांगू लागले. आईजींनी दमणीवाल्याला जू खाली टेकवायला लावलं, सावकाश उतरल्या, अंगावरची शाल सावरली आणि चालत मागं गेल्या. आम्हाला वाटलं, रागावून कार्यालयात चालल्या. त्या गेल्या थेट रांगेच्या शेवटी आणि शेवटच्या बाईच्या मागं उभ्या राहिल्या. “माझा नंबर आला की सांगा,” म्हणाल्या.

मग मॅनेजर स्वतः पळत गेले, भिंतीला टेकवलेला तट्ट्या उचलला आणि आणून फाटकाशी उभा करू लागले. त्यांना तो उभा करता येईना. बांबू ह्या अंगाला कलंडे, त्या अंगाला कलंडे. आईजींचं वय सत्तरीच्या पुढं आणि त्या रांगेत ताटकळलेल्या, तरी मामा मदतीला गेले नाहीत. उलट लांबूनच, कुठला सुंभ कुठं बांधायचा, हे ‘साहेब, डाव्या अंगाले जी’ करून मोठ्या आदरानं सांगत राहिले. हसू दाबता दाबता बायांचे डोळे भरून आले. तट्ट्या उभा राहिला, चंद्रभागामाय आत बसली, रांग सरकली. सगळ्यांत शेवटी आईजी आत गेल्या. चंद्रभागामायनं त्यांची शाल झटकली तर मूठभर तंतू निघाले, दिवसभर अंगणात बसल्याचे. तिनं ते नियमाप्रमाणे टोपलीत टाकले. आईजी बाहेर आल्या, मामांच्या हातातला पट्टा घेतला आणि लेकराच्या कमरेला करदोटा बांधावा तसा त्यांच्या कमरेला स्वतः बांधला. हुकुमाचा कागद दुसऱ्या दिवशी दिसला नाही.

पुढं मी ते जिन सोडलं, अकोल्याला गेलो, नोकरीत वर चढलो. लढाई संपत आली तेव्हा मालेगावकडे काम निघालं म्हणून नोकरी संपवून गावी राहायला गेलेल्या मामांकडे वाकडी वाट केली. मामी गेल्या होत्या. मामांना दिसत कमी होतं, पण आवाजावरून मला ओळखलं आणि उठून बसले. जिनाच्या गोष्टी निघाल्या, गोरा मिस्त्री आठवून दोघंही पोट धरून हसलो. मग माझ्याच्यानं राहवलं नाही. इतकी वर्षं लपवून ठेवलेलं ते म्हणून टाकलं, की मामा, तो हुकूम माझ्या हातचा होता.

“मले मालूम होतं,” मामा म्हणाले. “तुह्या बोटाले शाई होती ना बाप्पा, वाचून दाखोत होता तवा.”

मी म्हटलं, मग त्याच वेळी बोलला का नाहीत? चारचौघांत माझी चांगली खरडपट्टी काढायची होती.

मामांनी मग माझा हात चाचपडून हातात घेतला आणि म्हणाले, “काहून बोलू? समद्यायची झडती घेतली मी, मालकाची घेतली, गोऱ्याची घेतली. पन त्या दिशी तुह्या तोंडाकडे पाह्यलं, अन् म्हटलं, याची राहू दे.”